व्यापाराची वाट अडते कुठे? : वाचकांचे प्रश्न

आशियातील जुने व्यापारमार्ग आणि अलीकडच्या ‘आर्थिक मार्गिका’ यांविषयी आलेल्या पत्रांतून चार प्रश्न या वेळी निवडले आहेत. पहिल्या प्रश्नाचे उत्तर लांबले आहे, पण त्या प्रश्नात आपल्याच किनाऱ्याचा संबंध असल्याने ते आवरते घ्यावेसे वाटले नाही.

प्रश्न : आमच्या रेवदंड्यात अफानासी निकितिन या रशियन प्रवाशाचे स्मारक आहे. मुंबईहून इराणमार्गे रशियाला जाणाऱ्या ‘उत्तर-दक्षिण वाहतूक मार्गिके’विषयी हल्ली वाचनात येते. निकितिन आला ती वाट हीच का? (एक वाचक, रेवदंडा)

उत्तर : बहुतांशी हीच. निकितिन हा व्होल्गा नदीकाठच्या त्वेर या गावचा व्यापारी होता आणि त्याचा प्रवास १४६० आणि १४७० च्या दशकांतला आहे. व्होल्गेने खाली उतरताना आस्त्राखानजवळ तातारांनी त्याला लुटले, आणि रिकाम्या हाताने घरी परतण्याची सोय न उरल्यामुळे तो देर्बेंत, बाकू असे करत कॅस्पियन समुद्र ओलांडून इराणात उतरला. तिथून खुश्कीने होर्मुझ गाठून, एका घोड्यासह गलबतात बसून, सहा आठवड्यांनी तो आपल्या चौलला लागला.

घोडाच का, याचे कारण सरळ आहे. दख्खनमध्ये लढाईच्या कामाचे घोडे पुरेसे पैदा होत नसत आणि बहमनी सरदार समुद्रापलीकडून येणाऱ्या घोड्यांना चांगली किंमत देत असत. निकितिनने हा घोडा जुन्नरपर्यंत आणायला शंभर रूबल खर्चले होते. जुन्नरच्या खानाने तो घोडाच जप्त केला आणि धर्म बदललास तर घोडाही परत देतो, वर हजार मोहरा देतो, असे त्याला सांगितले. खुरासानच्या एका माणसाने मध्यस्थी केली म्हणून घोडा सुटला आणि पुढे बिदरला विकला गेला. या साऱ्या अनुभवानंतर त्याने आपल्या टिपणांत जो हिशेब मांडला आहे, तो मला त्याच्या सगळ्या लेखनात सर्वांत मोलाचा वाटतो : मिरी आणि रंग इथे स्वस्त आहेत खरे, पण आपल्या देशाच्या उपयोगाचा माल फारसा नाही, जकाती पुष्कळ द्याव्या लागतात आणि समुद्रावर चाचे पुष्कळ आहेत. अंतर फार आहे, अशी तक्रार त्या हिशेबात नाही. परतीला तो दाभोळहून गलबतात बसला, होर्मुझ, तब्रीझ आणि काळा समुद्र असा फेरा घेऊन घराकडे निघाला, पण त्वेरला पोहोचण्याआधीच स्मोलेन्स्कच्या अलीकडे वारला.

आता आजची मार्गिका पाहा. भारत, इराण आणि रशिया यांनी सप्टेंबर २००० मध्ये सेंट पीटर्सबर्ग येथे तिचा करार केला. न्हावाशेवा किंवा मुंबईहून जहाजाने इराणच्या बंदर अब्बासला माल जातो, आणि जुने होर्मुझ म्हणजे याच बंदरासमोरचे बेट. तिथून रेल्वेने किंवा ट्रकने कॅस्पियनच्या किनाऱ्याशी, आणि पुढे अझरबैजानमधून किंवा बोटीने आस्त्राखानकडे. एकूण अंतर सुमारे ७,२०० किलोमीटर सांगितले जाते, तर सुएझमार्गे मुंबई ते सेंट पीटर्सबर्ग हे अंतर सुमारे १६ हजार किलोमीटर भरते. नकाशावर हा लाभ इतका उघड आहे की करार होऊन दोन दशके उलटल्यावरही बहुतेक माल सुएझच्याच वाटेने का गेला, असा प्रश्न कोणालाही पडावा.

त्याचे एक उत्तर १६२ किलोमीटरचे आहे. इराणमधील रश्त आणि अझरबैजानच्या सीमेवरचे अस्तारा यांच्यामध्ये रेल्वेमार्गच नव्हता, आणि तो बांधण्याचा रशिया-इराण करार होण्यासाठी मे २०२३ उजाडावे लागले. हा तुकडा पुरा होईपर्यंत रश्तला गाडीतून उतरलेला कंटेनर ट्रकवर चढवायचा, अस्ताराला ट्रकवरून उतरवून पुन्हा वाघिणीवर चढवायचा, आणि ती वाघीणही वेगळ्या रुळांची, कारण इराणचे रूळ १,४३५ मिलिमीटरचे तर अझरबैजान आणि रशियाचे १,५२० मिलिमीटरचे आहेत. कॅस्पियनमधून बोटीने जावे म्हटले, तर त्या समुद्राची पातळी गेली कित्येक वर्षे उतरते आहे आणि हिवाळ्यात त्याचा उत्तर भाग गोठतो. दुसरे उत्तर निर्बंधांचे आहे. २०१८ मध्ये अमेरिका इराणबरोबरच्या अणुकरारातून बाहेर पडली, त्यानंतर बँका आणि विमा कंपन्या इराणमार्गे जाणाऱ्या मालाला हात लावताना दहा वेळा विचार करू लागल्या. माल आहे, जहाज आहे, गिऱ्हाईकही आहे, पण विम्याचा कागद नाही, म्हणून खेप निघत नाही. निकितिनच्या जकाती आणि चाच्यांची जागा आज या कागदाने घेतली आहे, असे मी पूर्ण विचारांती म्हणतो.

याच वाटेवरची आणखी एक खूण सांगायला हवी. बाकूमध्ये विझत नाही असा अग्नी जळतो, अशी नोंद निकितिनने केली आहे. बाकूजवळच्या सुराखानी येथे भूगर्भातील वायूवर जळणाऱ्या अग्नीभोवती पुढे १८व्या शतकात भारतीय व्यापारी आणि साधूंनी मंदिर उभारले, आणि तिथल्या देवनागरी शिलालेखांत ‘श्री गणेशाय नमः’ अशी सुरुवात आजही वाचता येते.

प्रश्न : चीनमधून युरोपला थेट मालगाड्या जातात, तर समुद्रमार्गाचे दिवस भरले असे म्हणावे का? (विद्यार्थी, पुणे)

उत्तर : तसे मुळीच म्हणता येणार नाही, आणि त्यासाठी साधा गुणाकार पुरेसा आहे. अशी एक मालगाडी ४० फुटी कंटेनर साधारण ५० नेते. सर्वांत मोठी कंटेनरवाहू जहाजे २० फुटी मापाने २० हजारांहून अधिक कंटेनर वाहतात, म्हणजे ४० फुटी मापाने दहा हजारांहून अधिक. एका जहाजाची बरोबरी करायला दोनशे गाड्या लागतील. गाडी दोन-तीन आठवड्यांत पोहोचते आणि जहाजाला महिन्याहून अधिक लागतो, त्यामुळे महागड्या आणि घाईच्या मालाला रेल्वे परवडते, पण लोखंड, धान्य, फर्निचर यांना परवडत नाही.

या गाड्या ‘थेट’ जातात हेही शब्दशः खरे नाही. चीन आणि कझाकस्तान यांच्या सीमेवर, महासागरापासून दोन हजार किलोमीटरहूनही दूर, खोर्गोस नावाचे कोरडे बंदर आहे. तिथे दोन गाड्या शेजारशेजारच्या रुळांवर उभ्या राहतात, एक चिनी मापाची आणि एक जुन्या सोव्हिएत मापाची. वरून क्रेन सरकत येते, एकीवरचा कंटेनर उचलते आणि दुसरीवर ठेवते. दोन्ही मापांतला फरक ८५ मिलिमीटर, म्हणजे चार बोटांहून थोडी अधिक रुंदी, पण तेवढ्या फरकापायी प्रत्येक खोका उचलावा लागतो. पोलंडच्या सीमेवर युरोपचे रूळ सुरू झाले की हेच सारे पुन्हा करायचे. कझाकस्तानसारख्या, महासागराचा किनारा नसलेल्या देशाला मात्र याच सांध्यातून रोजगार मिळतो, हेही ध्यानात घ्यावे.

प्रश्न : ‘रेशीम मार्ग’ हे नाव किती जुने आहे? (शिक्षिका, सोलापूर)

उत्तर : नाव आधुनिक आहे. फर्डिनांड फॉन रिख्तहोफेन या जर्मन भूगोलतज्ज्ञाने १८७७ मध्ये ते रूढ केले. त्या वाटांवरून जाणाऱ्यांपैकी चीनपासून रोमपर्यंत सबंध अंतर चाललेला माणूस जवळजवळ नव्हताच, माल या हातातून त्या हातात जात असे. मधल्या टप्प्यांवर समरकंद परिसरातील सोग्दियन व्यापाऱ्यांचा मोठा वरचष्मा होता.

आपण शिकवता म्हणून एक गोष्ट आवर्जून लिहितो, वर्गात जरूर सांगावी. १९०७ मध्ये पुरातत्त्वज्ञ ऑरेल स्टाइन यांना वायव्य चीनमधील दुनहुआंगच्या पश्चिमेकडील एका पहाऱ्याच्या बुरुजात सोग्दियन पत्रांची थैली सापडली. पत्रे चौथ्या शतकाच्या सुरुवातीची, कागदावर लिहिलेली, आणि कोणालाच न पोहोचलेली. त्यांतली दोन मिवनय नावाच्या स्त्रीची आहेत. नवऱ्याच्या सांगण्यावरून ती दुनहुआंगला आली, त्याने तिला आणि मुलीला तिथेच सोडले, आणि तीन वर्षे ती परतीच्या तांड्याबरोबर निघण्याची धडपड करत राहिली. निघण्याची संधी पाच वेळा आली, पण कोणी सोबत नेईना. तुझी बायको होण्यापेक्षा कुत्र्याची किंवा डुकराची झाले असते तर बरे, असे तिने नवऱ्याला लिहिले आहे. या मार्गाच्या इतिहासात राजदूत आणि भिक्षू यांची नावे पुष्कळ येतात, परंतु वाट मोकळी असूनही नेणारा नाही म्हणून अडकून पडलेल्या माणसाचा आवाज एवढा स्पष्ट मी दुसरीकडे वाचलेला नाही.

प्रश्न : भारत-मध्यपूर्व-युरोप मार्गिका झाल्यास कोकणातील बंदरांना लाभ होईल का? (एक वाचक, पालघर)

उत्तर : या मार्गिकेची घोषणा दिल्लीतील जी-२० परिषदेत ९ सप्टेंबर २०२३ रोजी झाली आणि महिना भरण्याआधी ७ ऑक्टोबरला इस्रायल-गाझा युद्धाला तोंड फुटले. भारतातून जहाजाने अमिरातीत, तिथून रेल्वेने सौदी अरेबिया आणि जॉर्डनमार्गे इस्रायलच्या हैफा बंदराला आणि पुन्हा जहाजाने युरोपात, अशी ही कल्पना आहे, म्हणजे वाटेत किमान दोन ठिकाणी चढउतार आलीच. शिवाय जॉर्डनकडून हैफापर्यंतचे रूळ अजून अखंड नाहीत. त्याच वर्षी नोव्हेंबरपासून तांबड्या समुद्रात जहाजांवर हल्ले सुरू झाले आणि अनेक कंपन्यांनी आफ्रिकेला वळसा घातला, म्हणून पर्यायी वाटेची गरज खरीच आहे.

न्हावाशेव्याला आणि पुढे आपल्याकडच्या, होऊ घातलेल्या वाढवण बंदराला माल मिळू शकेल. वाढवणच्या मच्छीमारांचे प्रश्न मात्र या मार्गिकेच्या आशेवर सोडून चालणार नाही, त्यांचे उत्तर आजच द्यायला हवे. लाभ किती, हे केवळ बंदराच्या खोलीवर ठरत नाही, याचा दाखला इथून फार दूर नाही. इसवी सनाच्या पहिल्या शतकातील एका ग्रीक नाविक-पुस्तिकेत कल्याणची नोंद आहे. ते अधिकृत बाजारपेठेचे ठिकाण होते, पण सत्ता बदलल्यावर तिथे चुकून आलेल्या ग्रीक जहाजांना पहाऱ्यात भडोचला नेले जाई. कल्याणची खाडी तीच होती, नाणेघाटाची वाटही तीच होती, आणि माल मात्र भडोचला उतरत होता.