स्वतंत्र मार्गदर्शक घ्यावा का?

प्रश्न : आम्ही चौघे अमेरिकेतील यलोस्टोन आणि ग्रँड टीटन ही राष्ट्रीय उद्याने पाहणार आहोत. प्राणी आणि निसर्गदृश्ये या दोन्हींसाठी खासगी मार्गदर्शकावर खर्च करणे योग्य ठरेल का?

उत्तर : प्राण्यांसाठी नक्कीच, निसर्गदृश्यांसाठी मात्र फारसे नाही. यलोस्टोनमध्ये १९९५ साली लांडगे पुन्हा आणून सोडण्यात आले आणि आज लामार खोऱ्यात ते दिसण्याची शक्यता बरी असली, तरी ते बहुधा इतक्या दूर असतात की जाणत्या नजरेवाचून आणि चांगल्या दुर्बिणीवाचून हाती काहीच लागत नाही. मार्गदर्शकाकडे या दोन्ही गोष्टी असतात. शिवाय मार्गदर्शकाचे वाहन फक्त आपल्यापुरतेच असल्याने पहाटे निघता येते आणि एखाद्या अस्वलासाठी तासभर थांबले तरी सहप्रवाशांची कुरकुर ऐकावी लागत नाही. जवळून छायाचित्रे मिळवून देण्याची हमी देणाऱ्यापासून मात्र दूरच राहावे, कारण अस्वल व लांडग्यांपासून किमान ९१ मीटर आणि गवा (अमेरिकी बायसन), एल्क (मोठे हरीण) यांसारख्या प्राण्यांपासून किमान २३ मीटर अंतर राखण्याचा नियम खासगी सहलीलाही लागू असतो. (गवा संथ दिसतो, पण माणसापेक्षा कितीतरी वेगाने धावतो.)

ओल्ड फेथफुल या उष्ण कारंज्याच्या उसळीची अंदाजे वेळ उद्यानाकडूनच जाहीर होते आणि टीटनची शिखरे रस्त्यावरूनही दिसतात. म्हणून पहिले एक-दोन दिवस मार्गदर्शक घ्यावा व पुढे स्वतः फिरावे, असे मी सुचवेन. मार्गदर्शकाकडे उद्यानाचा व्यावसायिक परवाना आहे ना, हे आरक्षणापूर्वीच विचारून घ्यावे.