‘बेंगो’ म्हणजे ‘मी येते’ का?

स्पॅनिश शिकणाऱ्या एका ताईंचा प्रश्न आला आहे. चिलेची रॅप गायिका आना तिजू हिच्या 2014 च्या ‘बेंगो’ या अल्बमची ओळख त्या आपल्या गटाला मराठीतून करून देणार आहेत. शब्दकोशात ‘बेनिर’ म्हणजे ‘येणे’ आणि ‘बेंगो’ हे त्याचं प्रथमपुरुषी एकवचन, म्हणून त्यांनी शीर्षक केलं ‘मी येते’. पण वाचताना ते खटकतं, असं त्या म्हणतात. चुकतंय कुठे?

ताई, तुमच्या कानाला खटकलं ते अगदी बरोबर. (रोमन लिपीत हा शब्द ‘व्ही’ने लिहितात, पण स्पॅनिशमध्ये ‘व्ही’ आणि ‘बी’चा उच्चार एकच, म्हणून ‘बेंगो’. ‘तिजू’ हे आडनाव फ्रेंच आहे, त्यातलं शेवटचं ‘एक्स’ उच्चारायचं नाही.)

आपल्याकडे ‘येते’ हा शब्द उंबऱ्यावरचा आहे. हळदीकुंकू झालं, ओटी पदरात घेतली, एक पाय चपलेत गेला की बाई म्हणते, ‘बरंय, येते हं.’ ‘जाते’ म्हणायचं नाही, हे लहानपणापासून बजावलेलं असतं. त्यामुळे अल्बमच्या नावाला नुसतं ‘मी येते’ म्हटलं की मराठी माणसाला ऐकू येतो तो निरोप. आणि ‘बेंगो’ तर याच्या नेमका उलट आहे. तो दारात येऊन उभं राहिलेल्या माणसाचा शब्द आहे.

स्पॅनिशमध्ये ‘बेनिर’ बोलणाऱ्याच्या जागेला घट्ट बांधलेलं क्रियापद आहे. मी जिथे आहे तिथे येणं, ते ‘बेनिर’. तुम्ही फोनवरून बोलावलंत तर मी मराठीत म्हणेन ‘येतो’, पण स्पॅनिश माणूस तिथे ‘बोय’ म्हणतो, म्हणजे शब्दशः ‘जातो’, कारण तो अजून तिथे पोचलेला नाही. दार वाजल्यावर आपण स्वयंपाकघरातूनच ‘आले, आले’ म्हणतो, तिथेही त्यांचं ‘या बोय’. ‘बेंगो’ म्हणायला तुमचे पाय इथे लागलेले असावे लागतात, निदान लागत तरी असावे लागतात. वीजबिलाच्या खिडकीसमोर उभा राहून माणूस ‘बेंगो आ पागार’ म्हणतो. क्रियापद वर्तमानकाळी आहे, पण आपण त्याच खिडकीशी काय म्हणू? ‘बिल भरायला आलोय.’ ‘बिल भरायला येतो’ म्हटलं तर आतला माणूस विचारेल, कधी?

तुमच्या प्रश्नाचं उत्तर या खिडकीपाशीच आहे. एखाद्या कामासाठी, हेतू धरून येऊन उभं राहिलेल्या माणसाचं ‘बेंगो’ मराठीत ‘आलेय’ होतं. तिजूचं शीर्षकगीत सुरूच होतं ते उत्तरांच्या शोधात आल्याचं सांगत. हेतू सांगणारं हे येणं आपल्याला परकं नाही. तुकोबांचं ‘आम्ही वैकुंठवासी । आलों याचि कारणासी’ आठवा. त्यातलं ‘आलों’ नुसतं पोचल्याचं सांगत नाही, कशासाठी ते पुढे ठामपणे सांगतं. ‘बेंगो’ला मी याच ‘आलों’च्या शेजारी बसवीन.

पण ‘आलेय’ एकटं लिहू नका. ‘पार्सल आलेय’ हेही तसंच दिसतं. आणि नुसतं ‘आले’ लिहिलंत तर पोस्टरवर कुणी ते चहातलं आलं म्हणून वाचेल. स्पॅनिशमध्ये ‘-गो’वरूनच ‘मी’ कळतो, तिथे सर्वनाम गाळलेलं चालतं. मराठीत इथे ‘मी’ ठेवावाच लागेल: ‘मी आलेय’.

आता लिंगाचा प्रश्न. ‘बेंगो’ बाई म्हणाली, पुरुष म्हणाला, रूप तेच. मराठीत ‘आलोय’ की ‘आलेय’ हे ठरवल्याशिवाय पुढे जाताच येत नाही. भविष्यकाळात आपल्याकडेही ही सोय आहे, ‘मी येईन’ कुणीही म्हणावं, पण ‘आले-आलो’त नाही. म्हणजे पुण्या-मुंबईच्या मराठीत नाही. माझी आत्या कोल्हापूरची. दारातून हाक मारायची ती ‘मी आलो गं!’ अशीच, आणि निघताना ‘येतो गं’. लहानपणी आम्ही तिला दुरुस्त करायला जायचो, आणि ती बरोबर होती हे मला फार उशिरा समजलं. तिच्या बोलीत प्रथमपुरुषी क्रियापद बाई-पुरुष पाहतच नाही, स्पॅनिशसारखंच. विदर्भात बायका ‘मी आली’ म्हणतात, तिथे स्त्रीलिंग उलट आणखी ठळक होतं. तुमचा गट कोल्हापूर-सांगलीकडचा असेल तर ‘मी आलो’ हे ‘बेंगो’चं सगळ्यात जवळचं रूप आहे, बिनधास्त वापरा. नाहीतर ‘मी आलेय’.

स्त्रीलिंग आल्याने मूळ बिघडतं का? मला वाटतं, या अल्बमपुरतं तरी नाही. याच अल्बममध्ये ‘आन्तिपात्रियार्का’ हे पुरुषसत्तेविरुद्धचं गाणं आहे, आणि त्यात ती स्वतःला ‘नो सुमिसा नि ओबेदिएन्ते’ म्हणवते: ना दबून राहणारी, ना आज्ञाधारक. ‘सुमिसा’च्या ‘आ’त बाई स्पष्ट दिसते, ‘ओबेदिएन्ते’त दिसत नाही. आपलंही तसंच बघा, ‘राहणारी’ बदलतं, ‘आज्ञाधारक’ बदलत नाही. स्पॅनिश लिंग क्रियापदात सांगत नाही, विशेषणात सांगते. तिथे तिने ते पुरेपूर सांगितलं आहे, तेव्हा ‘आलेय’मधली बाई उपरी वाटणार नाही.

काही भाषांतरांत ‘परतले’ असा पर्याय सुचवला जाईल, तो घेऊ नका. कारण कळतं: 1973 मध्ये चिलेचा लष्करप्रमुख पिनोचेत याने सत्ता बळकावल्यावर तिचे आईवडील परागंदा झाले, ती 1977 मध्ये फ्रान्समधल्या लिल शहरात जन्मली आणि 1993 मध्ये चिलेत राहायला आली. (तिच्या आधीच्या एका अल्बमचं नावच ‘1977’ आहे.) पण परतण्याला स्पॅनिशमध्ये ‘बोलबेर’ हा वेगळा शब्द आहे, आणि तिने शीर्षकाला तो घेतलेला नाही. आईबापांच्या देशात पोचलेल्या मुलीचं हे ‘येणं’ आहे. अल्बममधली अँडीज पर्वतराजीकडची बासरीसारखी वाद्यं ऐकताना मला तो शब्द आणखी पटतो.

‘बेंगो दे’ आलं की मात्र अर्थ सरकतो. ‘दे’ म्हणजे ‘-हून, -तून, -कडून’. ‘बेंगो देल मेदिको’ म्हणजे ‘डॉक्टरांकडून येतेय’. इथे ‘येतेय’ चालतं, कारण मागे कुठून ते जोडलेलं आहे. ‘मूळची कुठली’ सांगायचं तर स्पॅनिशमध्ये सहसा ‘सोय दे’ म्हणतात, तिथे आपलं ‘मी सांगलीची’.

तुमच्या गाण्यांच्या यादीत ‘सोमोस सुर’ (शब्दशः ‘आम्ही दक्षिण आहोत’) हेही दिसलं, पॅलेस्टिनी-ब्रिटिश रॅपर शादिया मन्सूरबरोबरचं. ‘आम्ही दक्षिण’ असं करू नका, मराठीत ‘दक्षिण’ म्हटलं की चेन्नई-बंगळूरच डोळ्यांपुढे येतं. ‘आम्ही दक्षिण गोलार्धातले’ हेही भूगोलाच्या पुस्तकातलं वाटतं आणि अर्थाने अपुरं पडतं, कारण पॅलेस्टाईन त्या गोलार्धात नाहीच. इथला ‘सुर’ म्हणजे लुटले गेलेले सगळे देश. मी ‘आम्ही दक्षिणेचे देश’ म्हणेन आणि खाली एक ओळ टीप देईन. ‘लोस पेसेस गोर्दोस’साठी मात्र काहीच शोधायला नको. शब्दशः ‘लठ्ठ मासे’, म्हणजे बडी धेंडं, आणि आपल्याकडेही ‘मोठा मासा गळाला लागला’ म्हणतातच. मासा मासाच राहू द्या, कारण शीर्षकाचा उरलेला भाग सांगतो की त्यांना उडता येत नाही.