टोकियोच्या स्टुडिओत निघालेल्या मुलीस

अनेक आशीर्वाद.

टोकियोच्या स्टुडिओत काम मिळालं, पण मिनिएचर, म्हणजे चित्रीकरणासाठीच्या छोट्या प्रतिकृती असलेल्या इमारती रंगवायचं, म्हणून तू खट्टू झालीस. माझं ऐक, जा. आणि निघण्याआधी १९५४ साली तोहो स्टुडिओत काय चाललं होतं ते वाचून काढ.

सेतागायातल्या त्या स्टुडिओचे दोन चित्रपट त्या एका वर्षात पडद्यावर आले, एप्रिलमध्ये 'सेव्हन समुराई' आणि नोव्हेंबरमध्ये 'गॉडझिला'. हारुओ नाकाजिमा हे नट दोन्हींत आहेत! एकात किरकोळ दरोडेखोर, दुसऱ्यात खुद्द गॉडझिला राक्षस.

'गॉडझिला'च्या ट्रिकदृश्यांचे प्रमुख एइजी त्सुबुराया यांना राक्षसाची बाहुली एकेक फ्रेमनं हलवून चित्रित करायची होती. तेवढा वेळ नव्हता, म्हणून माणसाच्या अंगावर रबरी पोशाख चढला. आता पुढचं बघ. छोटी इमारत नेहमीच्या वेगानं चित्रित केली, तर पडताना ती खेळण्यातली दिसते. ती जड वाटावी म्हणून कॅमेरा जास्त वेगानं चालवायचा, म्हणजे पडद्यावर ती सावकाश पडते. मग प्रत्येक फ्रेमला उजेड कमी पडतो, म्हणून दिवे वाढवायचे. दिवे वाढले की फ्लोअर भट्टीसारखा तापतो, आणि तिथे नाकाजिमा त्या पोशाखात! पहिला पोशाख तर सुमारे १०० किलोचा, त्यात धड चालताही येईना. तो कापून काही शॉट्सपुरता वापरला आणि दुसरा बनवला. हत्ती-अस्वलं कशी चालतात ते बघायला नाकाजिमा उएनोच्या प्राणिसंग्रहालयात जात.

तू रंगवलेल्या भिंतीचा रंगही दिव्यांवर ठरणार आहे आणि ती कुठून फुटणार हे कॅमेऱ्याच्या जागेवर. तेव्हा पहिल्याच आठवड्यात लाइटमनशी ओळख कर. रंग वाळेपर्यंत खुर्चीत बसू नकोस, शेजारी काय चाललंय ते बघ.

वयाचं लिहिलंस म्हणून सांगते. 'सेव्हन समुराई'चे दिग्दर्शक अकिरा कुरोसावा १९३६ मध्ये, पुढे तोहो झालेल्या पी.सी.एल. स्टुडिओत साहाय्यक म्हणून लागले. दिग्दर्शक काजिरो यामामोतो यांनी त्यांच्याकडून पटकथेपासून संकलनापर्यंत सगळं करून घेतलं, आणि १९४३ मध्ये त्यांचा पहिला चित्रपट आला. 'गॉडझिला'चे दिग्दर्शक इशिरो होंडा हेही यामामोतोंचेच साहाय्यक. त्यांची उमेदीची बरीच वर्षं सक्तीच्या सैनिकी सेवेत गेली. पहिला कथापट आला १९५१ मध्ये, चाळिशीला. तुला अजून तिशीही लागलेली नाही, बाळा.

पोचलीस की कळव. तिथले लोक भिंतींच्या प्लास्टरमध्ये काय मिसळतात तेही विचारून लिही, मला फार उत्सुकता आहे.

तुझी,
ताई