पडद्यावरचा ग्लॅडिएटर, स्टेजवरचा ग्लॅडिएटर

प्रश्न : ‘स्पार्टाकस’ मालिकेतले (२०१०) सगळेच योद्धे सिक्स-पॅकवाले. खरे ग्लॅडिएटर, म्हणजे प्राचीन रोममध्ये प्रेक्षकांसमोर लढणारे योद्धे, तसे असायचे का? आमच्या एकांकिकेत असं पात्र आहे. नट रोज जिमला जातो, तरी स्टेजवर त्याचं अंग सपाट दिसतं.
– एक वाचक, परळ

उत्तर : तसे नसावेत. तुर्कस्तानात इफेससला १९९३ साली ग्लॅडिएटरांची दफनभूमी सापडली. तिथल्या हाडांच्या तपासणीत धान्य-कडधान्यांचा आहार दिसला. रोमन लोक त्यांना ‘जवखाऊ’ म्हणतच. त्यांच्यावर उपचार करणारा वैद्य गॅलेन तक्रार करतो की, शेंगांच्या कालवणानं त्यांचं अंग भरतं, पण घट्ट होत नाही. म्हणजे तालमीतला भरदार पैलवान जास्त जवळचा. शिवाय बहुतेकांचा चेहरा शिरस्त्राणात आणि तलवारीचा हात जाड पट्ट्यांत झाकलेला असे. मालिकावाले दोन्ही काढून टाकतात. नटाचा चेहरा आणि दंड दिसायला नकोत का!

तुमच्या नटाचं दुखणं मात्र जिमचं नाही, लाइटचं आहे. समोरचा प्रकाश स्नायूंमधल्या सावल्या खाऊन टाकतो. तो कमी करा आणि दोन्ही विंगांतून, छातीच्या उंचीवर, जरा मागच्या बाजूने लाइट मारा. कातडीपेक्षा दोन छटा गडद, चमक नसलेला तपकिरी रंग घ्या. नटाला पोट आवळायला सांगा, उमटलेल्या खाचांतच तो भरा, कडा स्पंजने पुसट करा, वर पावडर थोपटा. पोट सैल असताना रेघा ओढल्या तर हालचालीत त्या भलतीकडेच सरकतात.

एंट्रीच्या पाचेक मिनिटं आधी पंधरा-पंधरा जोरांचे दोन सेट पुरेत. जास्त मारले तर पहिल्याच वाक्याला धाप लागते. घामासाठी ग्लिसरीन आणि पाणी समप्रमाणात, स्प्रे बाटलीतून, फक्त खांद्यांवर आणि छातीवर. तेल नको: रंग ओघळतो, तळवे बुळबुळीत होऊन तलवार निसटते. मुंबईत एसी नसलेल्या हॉलमध्ये तर ग्लिसरीनचीही गरज नाही.

पोट उठून दिसावं म्हणून आदल्या दिवसापासून पाणी तोडण्याचा सल्ला कुणी देईलच. इथल्या दमट हवेत, अंगावर लाइट असताना, त्यातून मिळतात पेटके आणि चक्कर. तलवारबाजीच्या प्रवेशात ते परवडणार नाही.

प्रश्न : छातीवरचे केस काढावेत का?
– एक वाचक, गिरगाव

उत्तर : लांबून सावल्या स्वच्छ दिसायला हव्या असतील तर काढा. वॅक्सिंग प्रयोगाच्या दोन दिवस आधी, म्हणजे लाल पुरळ बसायला वेळ मिळतो. त्याच दिवशी वस्तरा फिरवलात तर त्यावर लावलेला रंग झोंबतो.