घन बहुपदी : मूळ सापडत नाही तेव्हा

प्रश्न : २क्ष³ + ३क्ष² − ११क्ष − ६ चे अवयव पाडताना क्षच्या किती किमती घालून पाहायच्या?

जास्तीत जास्त बारा. मूळ म्हणजे बहुपदीची किंमत शून्य करणारी क्षची किंमत. सहगुणक पूर्णांक असतील तर परिमेय मुळाचा (अतिसंक्षिप्त रूपातला) अंश अचल पदाला, म्हणजे इथे ६ ला भागतो आणि छेद क्ष³ च्या सहगुणकाला, म्हणजे २ ला. उमेदवार एवढेच : ±१, ±२, ±३, ±६, ±१/२, ±३/२. क्ष = २ घातल्यावर १६ + १२ − २२ − ६ = ०. एक मूळ हाती लागलं की किमती घालणं थांबवा. (क्ष − २) ने संश्लेषक भागाकार (फक्त सहगुणक लिहून केलेला भागाकार) केला की २क्ष² + ७क्ष + ३ उरतं, म्हणजेच (२क्ष + १)(क्ष + ३). मुळे २, −३ आणि −१/२. नुसते पूर्णांक तपासत बसलात तर हे शेवटचं हुकणारच.

प्रश्न : क्ष³ − ३क्ष + १ मध्ये १ आणि −१ दोन्ही चालत नाहीत. मग याला वास्तव मूळच नाही ना?

आहेत, आणि तीन आहेत! उमेदवार संपले याचा अर्थ परिमेय मूळ नाही, एवढाच. सहगुणक वास्तव असलेल्या घन बहुपदीला किमान एक वास्तव मूळ असतंच, कारण क्ष फार मोठा ऋण असताना आणि फार मोठा धन असताना तिच्या किमतींची चिन्हं विरुद्ध असतात. मधे कुठेतरी आलेख अक्ष ओलांडतोच. इथे क्ष = −२, −१, ०, १, २ ला किमती −१, ३, १, −१, ३ येतात. चिन्ह तीनदा बदललं. मुळे सुमारे −१.८७९, ०.३४७ आणि १.५३२.

इटालियन गणिती कार्दानो यांनी १५४५ मध्ये प्रसिद्ध केलेलं घन समीकरण सोडवण्याचं सूत्र नेमकं इथे अडचणीत आणतं : तिन्ही मुळे वास्तव, पण वाट ऋण संख्येच्या वर्गमुळातून जाते. त्यापेक्षा सरळ क्ष = २cos θ (‘२ कोसाइन थीटा’) मानलेलं बरं; थीटा ४०°, ८०°, १६०° मिळतो.

प्रश्न : क्ष³ = ४क्ष मध्ये दोन्ही बाजूंना क्षने भागलं तर?

शून्य हे मूळ गमावाल. क्ष सामाईक काढा : क्ष(क्ष − २)(क्ष + २) = ०.

प्रश्न : न सोडवता वास्तव मुळे किती ते कळतं का?

क्ष³ + मक्ष + न अशा रूपात −४म³ − २७न² काढा. धन आलं तर तीन वेगवेगळी, ऋण आलं तर एकच. शून्य आलं तर मूळ पुन्हा येतं : क्ष³ − ३क्ष + २ = (क्ष − १)²(क्ष + २). अशा वेळी चिन्हांच्या तक्त्यावर विसंबू नका; १ च्या दोन्ही बाजूंना किंमत धनच राहते.