जुन्या व्हिडिओ टेपवरचं फुटेज एडिटिंग सॉफ्टवेअरच्या एचडी टाइमलाइनवर घेतल्यावर हलणाऱ्या वस्तूंच्या कडा दातेरी का दिसतात?

कारण ते फुटेज इंटरलेस्ड आहे. पाल या टीव्ही-पद्धतीच्या टेपवर सेकंदाला २५ फ्रेम असतात, पण प्रत्येक फ्रेममध्ये दोन वेगळ्या क्षणांची फील्ड (एकाआड एक ओळींची अर्धी चित्रं) गुंफलेली असतात, म्हणजे एकूण ५०. प्रोग्रेसिव्ह, म्हणजे अख्खी फ्रेम एकदम दाखवणाऱ्या, टाइमलाइनवर ती दोन्ही एकदम दिसतात.

क्रम महत्त्वाचा: आधी डीइंटरलेस (फील्ड वेगळी करून पूर्ण फ्रेम बनवणं), मग आकार वाढवणं. उलट केलंत तर रेघा एकमेकींत मिसळतात आणि नंतर कुठल्याही फिल्टरने सुटत नाहीत. एफएफएमपेग या मोफत व्हिडिओ प्रोग्रॅममधला बीडब्ल्यूडीआयएफ फिल्टर चांगला आहे. प्रत्येक फील्डची एक फ्रेम करून ५० फ्रेमची फाइल काढा. हालचाल मागेपुढे उडाल्यासारखी दिसली तर फील्डचा क्रम चुकलाय. पाल डीव्ही या डिजिटल टेप-फॉरमॅटमध्ये खालचं फील्ड आधी येतं, इतर बऱ्याच फाइलींत वरचं.

नंतर आकार. ७२०×५७६ चे पिक्सेल चौरस नसतात. ४:३ चित्र १०८० ओळींच्या फ्रेममध्ये सुमारे १४४० रुंद बसतं, बाजूंना काळी पट्टी राहते. ती राहू द्या. ताणून १६:९ केलं की माणसं रुंद दिसतात, आणि वरून-खालून कापलं तर मूळ कॅमेरामनची चौकटच जाते. पुराव्यासारख्या जुन्या फुटेजशी असं करणं मला अजिबात पटत नाही.

मूळ फाइल मात्र जशीच्या तशी जपून ठेवा.