कोंबडी काय सांगतेय, ते आधी बघा

ताई, कोंबडी मातीत लोळतेय, पाय झाडतेय, डोळे मिटतेय म्हणून घाबरू नका. ती धूळस्नान करतेय. पिसांतल्या उवा त्यानेच कमी होतात. पावसाळ्यात मुंबईत कोरडी माती मिळत नाही, म्हणून पत्र्याखाली घमेल्यात माती आणि थोडी चुलीची राख ठेवाच.

खरी काळजी एप्रिल-मे आणि ऑक्टोबरची. कोंबडीला घाम येत नाही, आणि तिच्या अंगाचं तापमान मुळातच ४१ अंशांच्या आसपास असतं. चोच उघडी, गळा थरथरतोय, पंख अंगापासून सुटे, म्हणजे उकाडा सोसवत नाहीये. आपल्या दमट हवेत नुसत्या धापांनी भागत नाही. लगेच सावलीत घ्या, गार पाणी द्या. उकाडा नसताना मात्र एखादी पिसं फुलवून, मान आखडून कोपऱ्यात एकटीच उभी असेल, तर ती आजारी आहे. कोंबड्या दुखणं लपवतात, त्यामुळे 'उद्या बघू' म्हणू नका. त्याच दिवशी वेगळी ठेवा आणि पशुवैद्याला दाखवा.

अंड्याच्या पेटीतून उठत नाही, हात नेला की फुगून गुरगुरते, ती खुडूक झालीय, म्हणजे अंडी उबवायला बसलीय. हा आजार नव्हे. रोज उठवून दाणापाणी मात्र करायला लावा.

मान तिरकी करून एक डोळा आभाळाकडे लावून थबकली, तर तुम्हीही वर बघा. बहुतेक घार असते. पिल्लं असतील तर अंगणावर जाळी आजच टाका.

नव्या कोंबड्या आणल्यात ना? टोचाटोची होणारच. पहिला आठवडा जाळीपलीकडे ठेवा, आणि खायची भांडी दोन करा. रक्त दिसलं तरच मध्ये पडा.